एल्दाचा आवाज

एल्दा तोमेई गेली तेव्हा पेपरात नऊ ओळी आल्या. त्यात तिचं जन्मसाल चुकलं होतं, तिच्या दोन सिनेमांची नावं चुकली होती, आणि शेवटी लिहिलं होतं, 'तिचा खोल, मखमली आवाज प्रेक्षक कधी विसरणार नाहीत.' मी चष्मा पुसून ती ओळ पुन्हा वाचली आणि इतकी चिडले, की शेगडीवर कॉफी उतू गेली तरी उठायचं सुचलं नाही.

तो आवाज माझा होता.

मी पेपरला पत्र टाकलं. तिथून कुणा उत्साही माणसाचा फोन आला. "सिन्योरा योले, तुमच्याकडे काही पुरावा आहे का?" मी त्याला फोनवर एल्दाचं एक वाक्य म्हणून दाखवलं. तो म्हणाला, "अरे वा! अगदी हुबेहूब नक्कल करता हो तुम्ही." मी फोन ठेवून दिला. त्यांना सांगून उपयोग नाही, म्हणून इथे सांगते आहे. आणि आवाज माझा होता हे सांगण्यासाठी नाही, तर एल्दाचा कसा होता ते सांगण्यासाठी.

आमच्या रोममध्ये त्या काळी, म्हणजे एकोणीसशे पन्नासच्या आसपास, पडद्यावर ज्याचं तोंड त्याचाच आवाज असेल असं कुणी धरून चालत नसे. सेटवर एकीकडे सुतार ठोकत असायचे, दुसरीकडे दिग्दर्शक ओरडत असायचा, आवाज मुद्रित करण्याचा प्रश्नच नव्हता. नंतर अंधाऱ्या हॉलमध्ये आम्ही आवाजवाले बसायचो आणि पडद्यावरच्या ओठांवर शब्द चढवायचो. त्यामुळे कुठलंही तोंड कुठल्याही गळ्याशी लावून देता यायचं. लग्नं जमवावीत तशी ही तोंडं नि गळे जमवले जात, आणि बिघाडही तसाच असायचा.

एल्दा शहराच्या कडेच्या क्वाद्रारो वस्तीतली. वडील लहानपणी गेले, आई इस्त्रीवाली. स्टुडिओच्या फाटकाशी गर्दीच्या प्रसंगांत उभं राहायला आलेल्या माणसांची रांग लागायची, त्या रांगेतून एका निर्मात्याने तिला उचललं. चेहरा असा, की ट्राममधली माणसं आपला थांबा विसरत. रुंद गाल, जड पापण्या आणि आत्ताच काहीतरी गमावून आल्यासारखी नजर. मग तिने तोंड उघडलं. आवाज निघाला भाजीवालीचा. आठव्या वर्षापासून ती मावशीच्या गाडीवर चिकोरीची भाजी ओरडून विकत होती, गळा पार फाटलेला. निर्मात्याने कपाळाला हात लावला आणि मला बोलावणं पाठवलं.

माझं उलट. बुटकी, गोल, एक डोळा नाकाकडे बघणारा. माझ्या तोंडाकडे बघून कुणी फोटोसुद्धा काढला नसता. माइकपर्यंत पोचायला मला लाकडी खोक्यावर उभं राहावं लागे. पण अंधारात मी राणी होते. आम्ही दोघी मिळून एक नटी झालो, आणि पहिली चार वर्षं आम्ही एकमेकींना भेटलोही नव्हतो.

त्रेपन्न साली एका दुपारी हॉलचं दार उघडून ती आत आली, काखेत चिकोरीची जुडी. "माझा गळा कुठं बसतो हो इथं?" तिने त्या फाटक्या आवाजात विचारलं. मी खोक्यावरून खाली उतरले. तिने मला वरपासून खालपर्यंत पाहिलं, आणि काय हसली! भिंतीला टेकून हसली.

"अगं, तू? मला वाटलं कुणी ताडमाड सरदारीण असेल!"

"आणि मला वाटलं तुला बोलताच येत नसेल," मी म्हणाले.

"येतं की. म्हणून तर बोलू देत नाहीत."

त्या दिवसापासून आमची गट्टी जमली. तेव्हाच तिने मला ते आकड्यांचं सांगितलं, म्हणजे मला माहीतच होतं, तिने फक्त कबूल केलं. शब्द नंतर दुसरं कुणीतरी घालणार असेल तर संवाद पाठ कोण करेल? आमच्याकडे बरेच जण सेटवर नुसते आकडे म्हणत. एल्दा त्यात पटाईत होती. ती आकड्यांत भांडायची, आकड्यांत लाजायची. एका सिनेमात तिने नवऱ्याला 'परत ये' म्हणून जी आर्जवं केली, ती एकतीसपासून चव्वेचाळीसपर्यंत होती. लोक थिएटरात रुमाल काढायचे. मला तिच्या ओठांवरून आकडे वाचता यायचे आणि कुठल्या आकड्यावर कुठला शब्द बसवायचा हेही कळायचं. दुसऱ्या कुणाला तिचं डबिंग जमलं नसतं, आणि हा माझा मोठा ताठा होता.

ती मला एका रविवारी घरी घेऊन गेली. दुसऱ्या मजल्यावर एक खोली नि स्वयंपाकघर, खाली चौक, चौकात सगळ्या बिऱ्हाडांच्या कपडे वाळत घालायच्या दोऱ्या. तिची आई, सोरा आस्सुंता, म्हणजे आस्सुंताबाई, इस्त्री करत उभी होती. काचबिंदूने तिचे डोळे दोन वर्षांपूर्वी गेले होते, तरी ती कॉलरच्या टोकाला बोट लावून इस्त्री फिरवायची. एक डाग पडत नसे.

"आई, ही योले. माझा आवाज."

म्हातारीने इस्त्री उभी ठेवली. "तूच का गं ती? माझ्या पोरीच्या तोंडात जाऊन बसलेली?"

मी जवळ गेले. "हो, सोरा आस्सुंता."

"छान बोलतेस. पण मला ठाऊक आहे का, तू केव्हा बोलतेस आणि दुसरी कुणी केव्हा बोलते? डोळे होते तोवर चालून जायचं, तोंड दिसायचं ना तिचं. आता सगळा चौक मला सिनेमाला नेतो, मी अंधारात बसते, आणि शेजारची फिलोमेना कोपर मारते तेव्हा मला कळतं, की माझी पोर आली." तिने परत इस्त्री उचलली. "कोपरावरून ओळखायची का मी आपली लेक?"

एल्दा खिडकीकडे तोंड करून भाजी निवडत होती. मला सोडायला ट्रामच्या थांब्यावर आली तेव्हा ती म्हणाली, "योले, मला एकच सिनेमा पाहिजे. चांगला नसला तरी चालेल. माझ्या गळ्यातला पाहिजे. आई ऐकेल आणि म्हणेल, ही आली." तिला नाव नको होतं, पोस्टर नको होतं. तिने मागितलं ते एवढंच, आणि मी तेव्हा मान डोलावली.

सत्तावन्न साली तो सिनेमा चालून आला. चौकात राहणाऱ्या एका धोबिणीची गोष्ट, तिचा मुलगा नदीत बुडतो. दिग्दर्शक होते सेव्हेरी, सगळे त्यांना मानाने दोत्तोर म्हणत, शांत, चिरूटवाले. त्यांनी एल्दाला विचारलं तेव्हा तिने अट घातली. ते हसले. "धोबिणीला मखमली आवाज कशाला हवा? तुझाच घेऊ. माझा शब्द."

ही बातमी एल्दाने आईला सांगितली, आणि आईने चौकाला. पावाच्या दुकानात, चर्चच्या पायरीवर, सगळीकडे तेच. "ऐकलंत का, आमची एल्दा आता स्वतः बोलणार!"

आता तिला संवाद पाठ करायची वेळ आली, आणि ते मी तिच्याकडून करून घेतलं. दोन महिने, आठवड्यातून तीन दुपारी, त्याच स्वयंपाकघरात. मी वाक्य म्हणायची, मग ती म्हणायची. म्हातारी इस्त्री करता करता निवाडा द्यायची.

"योलेचं गोड आहे," ती म्हणायची. "पण एल्दाचं खरं वाटतं."

"सोरा आस्सुंता, तुम्ही तिची आई, तुम्हाला वाटणारच."

"तू ऊठ आता तिच्या तोंडातून," ती म्हणायची, "बस झालं. तिला बसू दे तिच्या घरात." आणि आम्ही तिघी हसायचो. मी बीन्सचा रस्सा खाऊन घरी जायची. माझ्या पोटात तेव्हाही एक छोटासा खडा होता, हे मी लपवत नाही. एल्दा बोलायला लागली तर मी कोण?

शूटिंग नीट चाललं. एल्दाने प्रत्येक ओळ म्हटली, शब्दाला शब्द. मग शेवटचा प्रसंग आला, नदीकाठी मुलाचे कपडे सापडतात तो. त्या दिवशी लेखकाने सकाळीच संवाद बदलले. पण कागद एल्दाच्या हातात पडला तेव्हा ऊन उतरत होतं, आणि कॅमेरा सुरू व्हायला पंधरा मिनिटंही नव्हती. तिने वाचलं, मान हलवली, जाऊन उभी राहिली. आणि रडू आलं तसे तिच्या तोंडून आकडे आले. आठ वर्षांची सवय, दुसरं काय. जीव खाऊन रडायचं म्हटलं की तिची जीभ आपोआप एकवर जायची. ती एकपासून एकसष्टपर्यंत रडली. वायरी ओढणाऱ्या माणसाने टोपी काढून छातीशी धरली. सेव्हेरींनी तिचे दोन्ही हात हातात घेतले. ती काय म्हणत होती याकडे कुणाचंच लक्ष नव्हतं, तिचंसुद्धा.

हे कळलं डबिंगच्या हॉलमध्ये. आमचं काम असं चालायचं: फिल्मचा मिनिटभराचा तुकडा कापायचा, टोकाला टोक जोडायचं, आणि ते कडं यंत्रावर फिरत ठेवायचं, ओठ नि शब्द जुळेपर्यंत. बाकीची सगळी कडी एल्दाने पार केली. अडखळली, घामाघूम झाली, पण केली. मी शेजारी उभी राहून तिच्या पाठीवर बोटाने ताल धरत होते. तिचा तो फाटका आवाज त्या धोबिणीला असा बसला, की अंगावर काटा आला माझ्या. मग शेवटचं कडं लागलं.

पडद्यावर ती रडत होती आणि मोजत होती. शब्द काही बसेनात. लांब आकड्याला आखूड शब्द, आखूड आकड्याला लांब. पहिल्या खेपेला ती मागे पडली, दुसऱ्या खेपेला पुढे गेली. दहा वेळा, बारा वेळा. सतराव्या खेपेला काय झालं कोण जाणे, समोरचा स्वतःचा चेहरा बघता बघता तिला खरंच हुंदका फुटला आणि ती माइकमध्ये मोजायलाच लागली. "बारा, तेरा, चौदा..." यंत्रवाल्याला हसू आवरेना. सेव्हेरींनी दिवा लावला.

"एल्दा," ते हळू म्हणाले, "एका बाईला दोन आवाज देता येत नाहीत. हा प्रसंग जिचा, सगळा सिनेमा तिचा." आणि त्यांनी माझ्याकडे पाहिलं.

आता ऐका. त्याच प्रसंगाचा एक पाठमोरा शॉट होता. मी डब्यातून रिळं काढताना पाहिला होता. नदी, आणि एल्दाची पाठ. तो लावला असता तर तोंड दिसायचा प्रश्नच नव्हता, ती तिला हवं ते, हवं तसं बोलू शकली असती. एवढं एक वाक्य मी बोलायला हवं होतं. बोलण्यावर तर माझं पोट होतं. मी नाही बोलले. हॉल संध्याकाळपर्यंतच आहे, मला काय विचारतात, मी कोण सांगणारी, अशी बरीच कारणं मी नंतर स्वतःला दिली. खरं कारण एकच. तो प्रसंग मला हवा होता. तसलं रडणं जन्मात एकदा पडद्यावर येतं, आणि ते माझ्या समोर फिरत होतं.

मी खोकं ओढलं आणि वर चढले. दुसऱ्या खेपेला जमलं. खोटं कशाला बोलू, फार सुंदर जमलं.

टाळ्या वाजवणारी पहिली एल्दाच होती.

पुढच्या तीन दिवसांत मी सगळी कडी पुन्हा केली. एल्दाने केलेलं पुसलं गेलं. सेव्हेरी वाईट माणूस नव्हते. ते म्हणाले, "एल्दा, तू थांब. चौकातला गलका भरायचाय, चार बायका हव्यात ओरडायला." ती थांबली. तिघी भाड्याच्या बायका आणि चौथी ती. त्या बायकांनी मनाला येईल ते ओरडायचं असतं, कुणाला काही ऐकू येत नाही, नुसती गजबज. एल्दाने एकदाच ओरडून घेतलं.

"एल्दीनाऽऽ! वर ये गंऽऽ! गार झालं सगळं!"

हे तिच्या आईचं ओरडणं होतं. लहानपणी रोज दुपारी ती खिडकीतून असंच बोलवायची.

सिनेमा लागला. मी एल्दाला म्हटलं, "आईला सांगितलंस का?"

"तू सांग. बोलायचं काम तुझंच ना?"

इतक्या वर्षांत तिने मला लावून बोललेलं तेवढंच एक वाक्य. मीही सांगितलं नाही. दोघी एकमेकींवर ढकलत राहिलो आणि आईला सिनेमाला न्यायचा रविवार उजाडला.

क्वाद्रारोच्या थिएटरात अख्खा चौक आला होता. सोरा आस्सुंताने लग्नातली कर्णफुलं घातली होती. ती आमच्या दोघींच्या मध्ये बसली, डावा हात एल्दाच्या हातात, उजवा माझ्या. पलीकडे फिलोमेना. "आज कोपर मारू नकोस हं," म्हातारीने तिला बजावलं, "माझं मी ओळखीन."

दिवे गेले. पडद्यावर एल्दा कपडे पिळत होती. मग तिने मान वर केली, तोंड उघडलं, आणि थिएटरभर माझा मखमली आवाज पसरला.

म्हातारीचा उजवा हात माझ्या हातात तसाच राहिला, क्षणभर. मग तिने तो हळूच काढून घेतला आणि आपल्या मांडीवर ठेवला. डावाही काढून घेतला. फिलोमेनाला कळेना, मारावं की नाही कोपर. शेवटी तिने मारलं, हलकेच. मला वाटलं जमीन दुभंगावी. मी समोर बघत बसले आणि माझाच आवाज ऐकत राहिले. आयुष्यात पहिल्यांदा मला तो नकोसा झाला.

अर्ध्याच्या थोडं पुढे चौकाचा प्रसंग होता. माणूस कुणीच नाही, नुसत्या दोऱ्यांवरच्या चादरी वाऱ्याने हलताहेत, आणि बायकांचा गलका. त्या गलक्यातून आवाज आला. एल्दीना, वर ये गं.

सोरा आस्सुंता उभी राहिली.

"ही! ही बघा माझी! ही माझी पोरगी!"

मागून कुणी परका ओरडला, "ए म्हातारे, खाली बस!" चौकातल्या सगळ्यांनी मिळून त्याला असं झापलं, की तो उठून दुसरीकडे गेला. म्हातारीला त्याचं भानच नव्हतं. ती एल्दाचा खांदा चाचपत होती.

"काय करतेयस गं? कुठे आहेस? काय घातलंयस?"

पडद्यावर चादरी हलत होत्या. एल्दाने माझ्याकडे पाहिलं. मग ती बोलली, तिच्या त्या फाटक्या गळ्यातून, अगदी हळू. "खिडकीत उभी आहे, आई. निळा झगा घातलाय."

"आणि केस?"

"मोकळे सोडलेत."

"हसतेयस?"

"हो, आई."

म्हातारी खाली बसली. तिच्यापुरता सिनेमा संपला होता. पुढचा अर्धा तास ती चेहरा वर करून शांत बसून राहिली. शेवटी मी नदीकाठी धाय मोकलून रडले, सगळं थिएटर रडलं, फिलोमेना हुंदके देत होती. म्हातारीची पापणीही हलली नाही.

बाहेर पडताना तिने मला हाताने शोधलं. "योले, छान रडलीस हो. पण माझी पोर अशी रडत नाही."

पुढे पाच वर्षं ती जगली, आणि भेटेल त्याला त्या खिडकीतल्या एल्दाचं सांगत राहिली. निळा झगा, मोकळे केस. सगळ्या चौकाने तो सिनेमा पाहिला होता, सगळ्यांनी त्या ठिकाणी फक्त चादरी पाहिल्या होत्या. एकानेही, अगदी एकाही माणसाने, तिला तसं सांगितलं नाही. "काय खुलून दिसत होता तो रंग, सोरा आस्सुंता," फिलोमेना म्हणायची. आमच्या लोकांना तोंडावर बोलायची हौस फार, पण हे त्यांनी कसोशीने पाळलं.

एल्दाने आणखी तीन सिनेमे केले, सगळे माझ्या आवाजात. मग चेहरा जुना झाला आणि बोलावणी थांबली. मावशीच्या जागी ती भाजीच्या गाडीवर उभी राहिली. गिऱ्हाइकं चेहरा ओळखून थबकायची, आणि तिने "घ्या, चिकोरी घ्या, कोवळी आहे!" म्हटलं की चुकलं वाटून पुढे जायची. हे ती मला हसत सांगायची. दर रविवारी माझ्याकडे यायची, जुडी घेऊन. त्या पाठमोऱ्या शॉटबद्दल मी तिला कधीच सांगितलं नाही. चौतीस वर्षं दर रविवारी ती माझ्या समोर बसायची, आणि दर रविवारी ते माझ्या ओठांवर यायचं. आता सांगून काय? ती गेली. रागावली असती तर बरं झालं असतं. पण ती म्हणाली असती, "जाऊ दे गं," आणि तेच मला ऐकवलं नसतं.

तो सिनेमा अजून कधीतरी दुपारचा टीव्हीवर लागतो. मी आवाज बंद करून बघते. चादरी दिसायला लागल्या की बटण फिरवून पूर्ण मोठा करते, एवढा की खालचा भाडेकरू छताला काठी मारतो. एल्दीना, वर ये गं, गार झालं सगळं. मग पुन्हा बंद.

शेवटी नदीकाठ येतो. एल्दाचे ओठ हलायला लागतात. मी खुर्ची पुढे ओढते आणि पहिल्यांदा तिचं डबिंग बरोबर करते. एक. दोन. तीन. तिच्याबरोबर, तिच्याच शब्दांत, माझा हा मखमली आवाज फाटेपर्यंत, एकसष्टपर्यंत.